न ऐकलेल्या बाजूचा निकाल

पैशाच्या वसुलीचे कितीतरी दावे प्रतिवादीने न्यायालयाची पायरी चढण्यापूर्वीच निकाली निघतात. समन्स बजावल्याचा अहवाल येतो, पुकारा होतो, प्रतिवादी गैरहजर असतो. 'दावा एकतर्फी चालवावा' असा आदेश होतो, वादी आपले शपथपत्र आणि हातातले कागद दाखल करतो आणि हुकूमनामा होतो. यात बेकायदा असे काही नाही. जो बोलावूनही येत नाही त्याच्यासाठी न्यायालयाने किती काळ थांबावे, हा प्रश्न रास्तच आहे. परंतु ज्याच्याविरुद्ध हा हुकूमनामा झाला त्याला त्याची पहिली वार्ता अनेकदा बेलीफ जप्तीचे वॉरंट घेऊन दारात उभा राहतो तेव्हाच मिळते. तेथून मग हुकूमनामा रद्द करून घेण्याची धावपळ सुरू होते आणि मूळ कर्ज किती, फेडले किती, व्याज कोणत्या दराने, हे सारे प्रश्न मागे पडून एकच प्रश्न उरतो : समन्स मिळाले होते की नव्हते?

१८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचे कोल्हापूर येथील सर्किट बेंच सुरू झाले आणि सोलापूर जिल्ह्याचा समावेश त्याच्या कार्यक्षेत्रात झाला. न्याय जवळ आला, अशा शब्दांत त्याचे स्वागत झाले व ते योग्यही होते. तथापि सोलापूरच्या पूर्व भागातला यंत्रमागधारक, विडी वळणारी बाई, करमाळ्याचा किंवा मंगळवेढ्याचा कोरडवाहू शेतकरी यांच्या देण्याघेण्याच्या दाव्यांत न्याय दूर जातो तो मुंबईच्या अंतरामुळे नव्हे. तो दुरावतो घराच्या उंबरठ्यावर, समन्सच्या मागच्या बाजूला लिहिल्या जाणाऱ्या दोन ओळींच्या अहवालात. एकतर्फी हुकूमनाम्यांचा विचार करायचा तर तो तेथूनच करावा लागेल.

हा विचार या जिल्ह्याला नवा नाही. किंबहुना एकतर्फी हुकूमनाम्यांना आवर घालण्याचा या देशातला एक आरंभीचा आणि गंभीर प्रयत्न ज्या चार जिल्ह्यांसाठी झाला त्यांत सोलापूर होते. १२ मे १८७५ रोजी सुपे येथे शेतकऱ्यांनी सावकारांच्या घरांवर चाल करून त्यांचे दस्तऐवज जाळले. पुढे पुणे आणि तेव्हाच्या अहमदनगर जिल्ह्यांत हे लोण पसरले. दख्खनचे दंगे म्हणून इतिहासात नोंदल्या गेलेल्या या उठावाची चौकशी करण्यासाठी सरकारने आयोग नेमला. या चौकशीत आणि पुढच्या चर्चेत जी कारणे पुढे आली त्यांत दिवाणी न्यायालयांच्या कार्यपद्धतीचा वाटा मोठा होता. १८५९ च्या मुदतीच्या कायद्याने कर्जाच्या दाव्याला तीन वर्षांची मर्यादा घातली. ती ऋणकोच्या भल्यासाठी होती. प्रत्यक्षात दर तीन वर्षांनी व्याज मुद्दलात मिळवून नवा रोखा लिहून घेण्याची प्रथा तिच्यातून बळावली. रोख्यावर अंगठा असे, हिशेब सावकाराच्या वहीत असे आणि न्यायालय तालुक्याच्या गावी असे. समन्स आले तरी कुणबी जात नसे. जाऊन सांगायचे काय? अंगठा तर आपलाच! काही ठिकाणी समन्स आलेच नसे, काही ठिकाणी 'आपसात मिटले आहे, तू येऊ नकोस' असे सावकारच सांगून जाई. परिणाम एकच होई, एकतर्फी हुकूमनामा.

दंग्यांपाठोपाठ १८७६-७८ चा दुष्काळ आला आणि त्याचा तडाखा सोलापूरला जबर बसला. या पार्श्वभूमीवर १८७९ चा दख्खन कृषक साहाय्य कायदा झाला. पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांना तो त्या वर्षीच्या १ नोव्हेंबरपासून लागू झाला. कर्जापायी शेतकऱ्याला तुरुंगात न टाकणे, गहाण न ठेवलेली जमीन जप्तीतून वगळणे या त्याच्या तरतुदी पुष्कळांना ठाऊक असतात. त्याच्या सातव्या कलमाकडे मात्र फारसे कोणी लक्ष देत नाही. प्रत्येक दाव्यात न्यायालयाने प्रतिवादीची साक्षीदार म्हणून तपासणी केलीच पाहिजे आणि ती अनावश्यक वाटली तर तसे वाटण्याची कारणे लेखी नोंदवली पाहिजेत, असे ते कलम सांगत होते. रकमेविषयी वाद असेल तर केवळ शेवटच्या रोख्यावर न थांबता व्यवहाराच्या आरंभापासूनचा इतिहास तपासावा, असे बारावे कलम म्हणत होते. या कायद्याखाली विशेष न्यायाधीश म्हणून काम करणाऱ्यांत महादेव गोविंद रानडे हेही होते, हे येथे आठवावे.

या दोन कलमांनी न्यायालयाचा पवित्राच बदलला. जो आला नाही त्याचे नुकसान त्याच्या माथी, हा सर्वसाधारण दिवाणी न्यायाचा नियम. १८७९ च्या कायद्याने गैरहजर माणसाच्या वतीने प्रश्न विचारण्याचे काम न्यायाधीशावर टाकले. कायद्याचे दुष्परिणामही झाले. सावकारांनी गहाणाऐवजी खरेदीखते लिहून घेण्यास सुरुवात केली, त्याला उत्तर म्हणून १९०७ मध्ये नवे कलम घालावे लागले आणि पतपुरवठा आटल्याची तक्रार तर कायमच होती. पुढे कर्जनिवारणाच्या नव्या कायद्यांनी त्याची जागा घेतली व तो इतिहासजमा झाला. त्याच्याबरोबर सातव्या कलमातली दृष्टीही गेली, ही खरी हानी होय.

आता आजचा कायदा पाहू. १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ९, नियम १३ नुसार एकतर्फी हुकूमनामा दोन कारणांवरून रद्द होऊ शकतो : समन्स रीतसर बजावले गेले नव्हते, किंवा पुकाऱ्याच्या वेळी हजर न राहण्यास प्रतिवादीपाशी पुरेसे कारण होते. यांपैकी एक सिद्ध झाले तरी पुरे. अर्ज ज्या न्यायालयाने हुकूमनामा दिला त्याच न्यायालयात करायचा असतो. मुदत तीस दिवसांची. ती हुकूमनाम्याच्या तारखेपासून मोजली जाते, मात्र समन्स रीतसर बजावले नसेल तर हुकूमनामा झाल्याचे कळल्या दिवसापासून. वर्तमानपत्रात जाहीर नोटीस देऊन केलेली पर्यायी बजावणी ही या मुदतीपुरती रीतसर बजावणी मानली जात नाही, असा खुलासा १९६३ च्या मुदतीच्या कायद्यात अनुच्छेद १२३ खाली आहे. तो अनेक ऋणकोंना तारणारा आहे. गंमत अशी की, १८५९ ची पहिली संहिता या बाबतीत अधिक उदार होती. तिच्यात हे तीस दिवस हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीची कारवाई झाल्यापासून मोजले जात, म्हणजे ऋणकोला जेव्हा खरोखर झळ लागे तेव्हापासून. आज हुकूमनाम्याची अंमलबजावणी बारा वर्षांपर्यंत मागता येते. धनको दोन वर्षांहून अधिक काळ थांबला तर दरखास्तीची नोटीस आधी द्यावी लागते आणि पुष्कळांना आपल्या डोक्यावर हुकूमनामा आहे हे त्या नोटिशीवरूनच समजते. दरम्यान व्याज चालूच असते.

संहितेने १९७६ मध्ये एक अटही घातली. समन्सच्या बजावणीत निव्वळ अनियमितता आहे एवढ्यावरून हुकूमनामा रद्द होणार नाही; प्रतिवादीला तारखेची माहिती होती आणि हजर राहण्यास पुरेसा अवधी होता असे न्यायालयाला दिसले, तर बजावणीतल्या चुकीचा लाभ त्याला मिळत नाही. ही अट योग्य आहे. 'सहीखाली तारीख नाही', 'पंचाचे नाव अपुरे आहे' अशा सबबींवर वर्षानुवर्षे दावे लांबवणारे ऋणकोही काही कमी नाहीत.

पण अनियमितता कोठे संपते आणि बजावणीचा अभाव कोठे सुरू होतो? सोलापूरसारख्या जिल्ह्यात हा प्रश्न पुस्तकी राहत नाही. शहराच्या पूर्व भागात एकेका वाड्यात अनेक भाडेकरू राहत आले, घरे आणि माग एकाच छताखाली चालत आले. चादर आणि टॉवेलचा धंदा उधारीच्या साखळीवर उभा आहे. सूत उधारीवर येते, माल उधारीवर जातो. कोठेही एक कडी निखळली की तिच्या मागच्या साऱ्यांची देणी थकतात. माग बंद पडला की माणूस भाड्याची जागा सोडतो, कामासाठी दुसऱ्या गावी जातो. विडी कामगारांची हजारो कुटुंबे कुंभारीच्या गोदूताई परुळेकर वसाहतीत राहायला गेली. जुन्या रोख्यांवर आणि बिलांवर पत्ता मात्र जुन्या गल्लीचाच राहिला. ग्रामीण भागात ऊसतोडीचा हंगाम सुरू झाला की कित्येक घरांना कुलूप लागते व ते पाच-सहा महिने निघत नाही. उचल घेतलेल्या मुकादमावर वाहतूकदाराने केलेल्या दाव्याचे समन्स नेमके याच काळात येऊन पडते.

अशा वेळी काय करायचे ते संहितेने सांगितले आहे. प्रतिवादी स्वतः न भेटल्यास आणि वाजवी वेळात भेटण्याचा संभव नसल्यास कुटुंबातील सज्ञान व्यक्तीकडे, पुरुष असो की स्त्री, समन्स द्यावे. नोकर हा कुटुंबीय नव्हे. कोणीच न भेटल्यास योग्य तो शोध घेऊन मग दारावर चिकटवावे आणि कधी, कोठे, कोणासमक्ष चिकटवले ते लिहावे. पुढची पायरी फार महत्त्वाची आहे. बेलिफाने आपला अहवाल शपथेवर दिला नसेल तर न्यायालयाने त्याला शपथेवर तपासलेच पाहिजे आणि समन्स रीतसर बजावले गेले असे घोषित केले पाहिजे. हा क्षण खरे तर न्यायनिर्णयाचा आहे. प्रत्यक्षात बोर्डावर दिवसाला डझनावारी प्रकरणे असतात तेथे तो एका ओळीत उरकला जाण्याचा धोका असतो. 'घर बंद, शेजाऱ्यांनी सही करण्यास नकार दिला, चिकटवले' एवढ्या मजकुराच्या आधारे कोणाची तरी जागा, पगार, बँकेतली शिल्लक जप्तीस पात्र ठरते. दार बंद होते ते एक दिवसापुरते की एका हंगामापुरते, हे विचारणे काही अवघड नाही. टपालाच्या बाबतीत तर कायदा गृहीतच धरतो की योग्य पत्त्यावर नोंदणीकृत पत्र पाठवले म्हणजे ते पोचले. ते पोचले नाही हे सिद्ध करण्याचा भार ऋणकोवर पडतो. सर्वोच्च न्यायालयाने 'परिमल विरुद्ध वीणा' या २०११ च्या निर्णयात हे गृहीतक ठामपणे मांडले आहे.

'पुरेसे कारण' या दुसऱ्या आधाराविषयी सर्वोच्च न्यायालयाची भूमिका सामान्यतः उदार राहिली आहे. 'जी. पी. श्रीवास्तव विरुद्ध आर. के. रायजादा' या २००० च्या निर्णयात न्यायालयाने म्हटले की, ज्या तारखेला गैरहजेरी झाली त्या तारखेचे कारण पाहावे, त्याआधीच्या वर्तनाचे ओझे त्याच्यावर लादू नये. १९९८ च्या 'एन. बालकृष्णन' प्रकरणात तर एकतर्फी हुकूमनामा रद्द करण्याचा अर्जही गैरहजेरीत निकालात निघाला होता आणि तो पुन्हा जिवंत करण्यास ८८३ दिवस उशीर झाला होता. वकिलाच्या हलगर्जीपणामुळे हे घडले असे दिसल्यावर सर्वोच्च न्यायालयाने खर्चाची अट घालून तो उशीर माफ केला. उशीर किती दिवसांचा यापेक्षा त्याचे स्पष्टीकरण पटण्याजोगे आहे का, हा निकष तेथे ठरला. याही आधी १९५५ मध्ये 'संग्राम सिंग' प्रकरणात न्यायमूर्ती विवियन बोस यांनी प्रक्रियेचे नियम हे न्याय सुलभ करण्यासाठी असतात, माणसाला अडकवण्यासाठी नसतात, अशा आशयाचे विवेचन केले. बोस हे नागपूर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायमूर्ती राहिलेले; जिल्हा न्यायालयांत वकिली कशी चालते हे त्यांनी जवळून पाहिले होते. त्या निकालातला एक भाग आजही अनेक पक्षकारांना माहीत नसतो : 'एकतर्फी चालवावा' असा आदेश झाला म्हणून प्रतिवादीचे तोंड कायमचे बंद होत नाही. हुकूमनामा होण्यापूर्वी तो कोणत्याही तारखेस येऊन आहे त्या टप्प्यापासून भाग घेऊ शकतो, वादीच्या साक्षीदाराची उलटतपासणी करू शकतो. मागे जाऊन कैफियत द्यायची असेल तरच तो आदेश आधी रद्द करून घ्यावा लागतो. एवढी एक गोष्ट वेळेवर कळली तर पुढचे कित्येक अर्ज टळतील.

अलीकडे मात्र मुदतीच्या बाबतीत वारे थोडे फिरलेले दिसतात. उदारतेच्या नावाखाली मुदतीचा कायदाच निष्प्रभ करता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये 'पाथापाटी सुब्बा रेड्डी' प्रकरणात बजावले. ते प्रकरण भूसंपादनाचे होते, कर्जाचे नव्हे. पण विलंब माफीच्या प्रत्येक अर्जाला विरोध करताना त्याचा आधार घेतला जाणार हे उघड आहे.

हुकूमनामा कळल्यावर ऋणको जी पहिली चूक करतात ती दारासंबंधीची. ते दरखास्तीच्या न्यायालयात जाऊन 'मी हे पैसे देणे लागतच नाही' असे सांगू लागतात. अंमलबजावणी करणाऱ्या न्यायालयाला हुकूमनाम्याच्या मागे जाता येत नाही. तेथे ही कैफियत कितीही खरी असली तरी निरुपयोगी. दुसरा गैरसमज असा की, रद्द करण्याचा अर्ज दाखल केला म्हणजे जप्ती आपोआप थांबते. ती थांबत नाही. स्थगितीचा अर्ज वेगळा करावा लागतो आणि न्यायालय त्यासाठी तारण मागू शकते. या काही दिवसांच्या गाफीलपणाची किंमत किती असू शकते, हे सर्वोच्च न्यायालयाच्या १९६७ च्या 'जनक राज विरुद्ध गुरदयाल सिंग' या निर्णयात दिसते. मूळ एकतर्फी हुकूमनामा होता अवघ्या ५१९ रुपयांचा. त्याच्या वसुलीसाठी ऋणकोच्या घराचा लिलाव झाला आणि एका तिऱ्हाइताने ते ५,१०० रुपयांना घेतले. लिलाव कायम होण्यापूर्वीच एकतर्फी हुकूमनामा रद्द झाला. तरीही, खरेदीदार दाव्याशी संबंध नसलेला त्रयस्थ आहे, म्हणून लिलाव कायम केला पाहिजे, असे न्यायालयाने ठरवले. हुकूमनामा गेला, घरही गेले. लिलावात बोली लावणाऱ्यांना भरवसा मिळाला नाही तर घरांना किंमतच येणार नाही, हा त्यामागचा तर्क आहे आणि तो चुकीचा म्हणता येत नाही. हुकूमनामा रद्द झाल्यास वसूल केलेले परत मिळवण्याची सोय कलम १४४ मध्ये आहेच, पण ती धनकोविरुद्ध. त्रयस्थाच्या हाती गेलेले घर तिच्यातून परत येत नाही.

याच नाण्याची धनकोकडची बाजूही पाहिली पाहिजे. सूत विकणारा लहान व्यापारी हा काही सावकार नव्हे. त्याचीही उधारी गिरणीला द्यायची असते. त्याने दावा लावला, कोर्ट फी भरली, दोन-तीन वर्षे तारखा केल्या, हुकूमनामा मिळवला, दरखास्त लावली आणि बेलीफ दारात गेल्यावर ऋणको उगवतो व 'मला समन्सच मिळाले नाही' म्हणतो. अर्ज मंजूर झाला तर सारे पुन्हा पहिल्यापासून. अर्ज फेटाळणाऱ्या आदेशावर ऋणकोला जिल्हा न्यायालयात अपील आहे. मंजूर करणाऱ्या आदेशावर धनकोला अपील नाही, त्याला उच्च न्यायालयाचे दार ठोठवावे लागते. तेवढ्यापुरता कोल्हापूरच्या बेंचचा लाभ खरा धनकोलाच अधिक होईल. अशा वेळी अटींचे महत्त्व असते. खर्च द्यावा, रकमेचा काही भाग न्यायालयात भरावा, अशा अटी घालण्याचा अधिकार नियम १३ मध्येच आहे व विवेकाने वापरल्यास तो दोन्ही बाजूंना न्याय देतो. मात्र संपूर्ण रक्कम भरण्याची अट घालणे म्हणजे अर्ज मंजूर करून दार बंद करणे होय. अटी अवाजवी नसाव्यात, असे सर्वोच्च न्यायालयाने २००२ च्या 'विजयकुमार मदन' प्रकरणात म्हटलेलेच आहे. ज्याच्याकडे ती रक्कम असती तो मुळात थकला कशाला असता?

बिल, हुंडी किंवा लेखी करारावरच्या संक्षिप्त दाव्यात, म्हणजे आदेश ३७ खाली, प्रतिवादीला समन्स मिळाल्यापासून दहा दिवसांत उपस्थिती नोंदवावी लागते. तेथे हुकूमनामा रद्द करायला 'विशेष परिस्थिती' दाखवावी लागते, शिवाय बचावात दम आहे हेही; 'रजनी कुमार' निर्णयाने २००३ मध्ये ते स्पष्ट केले. व्यापाऱ्यांना हा मार्ग सोयीचा आहे.

वास्तविक हुकूमनामा रद्द होणे हा उतारा आहे; दुखणे त्याआधीचे आहे. प्रतिवादी आला नाही म्हणून वादीचा दावा आपोआप सिद्ध होत नाही. 'बलराज तनेजा' प्रकरणात १९९९ साली आणि 'रमेशचंद अर्डावतिया' प्रकरणात २००३ साली सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितले : कैफियत नाही म्हणून डोळे मिटून निकाल देऊ नये, एकतर्फी दाव्यातही पुरावा पाहून न्यायालयाचे समाधान झाले पाहिजे. महाराष्ट्रात तर याला आणखी एक आधार आहे. १९४६ च्या सावकारी कायद्यातही आणि त्याच्या जागी आलेल्या २०१४ च्या महाराष्ट्र सावकारी नियमन अधिनियमातही असे म्हटले आहे की, कर्ज दिले त्या वेळी सावकाराकडे वैध परवाना होता याविषयी न्यायालयाची खात्री झाल्याखेरीज सावकाराच्या दाव्यात हुकूमनामा देता येत नाही. शब्द न्यायालयाला उद्देशून आहेत, प्रतिवादीला नव्हे. म्हणजे परवान्याचा प्रश्न विचारायला ऋणको समोर असण्याची गरजच नाही. हातउसने म्हणून मांडलेल्या प्रत्येक दाव्यात, तोच वादी वरचेवर असे दावे लावतो आहे का, एवढे जरी न्यायालयाने आपल्याच नोंदवहीत पाहिले तरी बिनपरवाना सावकारीचे पुष्कळ हुकूमनामे होण्यापूर्वीच अडतील. १८७९ च्या सातव्या कलमाचा हा उरलेला अंश आहे आणि तो वापराविना गंजू देणे परवडणारे नाही.

शिवाय आज वसुलीचे बरेच काम दिवाणी न्यायालयाबाहेर होते, तेथे नियम १३ नाहीच. पतसंस्था आणि सहकारी बँका सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम १०१ खाली निबंधकाकडून वसुली दाखला घेतात. त्याविरुद्ध पुनरीक्षण अर्ज करायचा तर वसुलीयोग्य रकमेच्या निम्मी रक्कम आधी भरावी लागते. नोटीस न मिळाल्याचे सांगणाऱ्यालाही या अटीतून सहज सुटका नाही. सोलापूरसारख्या सहकाराचे जाळे असलेल्या जिल्ह्यात जामीनदार म्हणून सही केलेल्या शेजाऱ्या-पाजाऱ्यांवर ही वेळ येते आणि त्यांना तर मूळ कर्ज थकल्याचेही ठाऊक नसते.

वाहनकर्ज देणाऱ्या वित्त कंपन्यांचा मार्ग आणखी वेगळा. कर्जाच्या छापील करारात लवादाचे कलम असते, लवादाचे ठिकाण परराज्यातले शहर असू शकते, नोटिशी टपालाने येतात आणि निवाडा एकतर्फी होतो. असा निवाडा हुकूमनाम्यासारखा अंमलात आणता येतो. आणि २०१८ च्या 'सुंदरम फायनान्स' निर्णयानुसार ऋणकोची मालमत्ता असेल तेथे, म्हणजे सोलापुरातही, थेट दरखास्त लावता येते. निवाडा रद्द करून घ्यायचा तर मात्र लवादाच्या ठिकाणच्या न्यायालयात जायचे. मुदत तीन महिने, फार तर आणखी तीस दिवस, त्यापुढे एक दिवसही नाही. वसुली दारात, दाद परमुलखात, असा हा न्याय. करारातल्या एकाच पक्षाने परस्पर लवाद नेमणे वैध नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये 'पर्किन्स ईस्टमन' प्रकरणात सांगितले, त्यामुळे अशा निवाड्यांना आव्हान देण्याचे हत्यार मिळाले आहे. माल वाहतूक करणाऱ्या टेम्पोचालकाला ते ठाऊक असण्याची शक्यता किती, हा भाग निराळा.

हे दुखणे आपल्याकडचेच आहे असेही नाही. अमेरिकेत ज्या न्यायालयांची आकडेवारी उपलब्ध आहे तेथे कर्जवसुलीचे सत्तर टक्क्यांहून अधिक दावे प्रतिवादीच्या गैरहजेरीत निकाली निघाल्याचे प्यू या संस्थेच्या २०२० च्या अहवालात नमूद आहे. न्यूयॉर्कमध्ये समन्स प्रत्यक्ष न देता बजावल्याचे खोटे शपथपत्र करण्याला नावच पडले आहे, 'स्यूअर सर्व्हिस', म्हणजे समन्स गटारात टाकून केलेली बजावणी. २००९ मध्ये तेथील राज्याचे महाधिवक्ता अँड्र्यू कुओमो यांनी एका बजावणी कंपनीच्या खोट्या दाखल्यांवर आधारलेले सुमारे एक लाख निवाडे एकत्रितपणे रद्द करावेत म्हणून डझनावारी वसुली वकील संस्थांविरुद्ध दावा लावला. बजावणीतला दोष व्यक्तीचा नसून पद्धतीचा असेल तर उपायही पद्धतीवरच हवा, हे त्यातून मान्य झाले. आपल्याकडे एकाच गल्लीतल्या दहा जणांविरुद्ध एकाच वादीचे, एकाच धर्तीच्या अहवालावरचे दहा हुकूमनामे झाले तरी दहा जणांनी दहा अर्ज करायचे, दहा वकील लावायचे.

उपाय नवीन कायद्याचा नाही. समन्स बजावणीसाठी 'एनस्टेप' ही प्रणाली न्यायालयांत आली आहे. तिच्यात बेलिफाच्या मोबाइलवरून बजावणीची वेळ आणि जागा यांची उपग्रहाधारित नोंद होऊ शकते. ही नोंद एकतर्फी आदेश करण्यापूर्वी न्यायाधीशासमोर आलीच पाहिजे, आणि हुकूमनामा रद्द करण्याच्या अर्जात प्रतिवादीने मागितल्यास तिची प्रत त्याला मिळाली पाहिजे. खोटे बोलणारा ऋणको तिच्यामुळे उघडा पडेल, तसाच न गेलेला बेलीफही. चिकटवून केलेल्या बजावणीनंतर प्रतिवादीच्या सध्याच्या पत्त्याचा शोध घेतल्याचे वादीचे शपथपत्र मागण्यास संहितेची आडकाठी नाही. मतदारयादी, शिधापत्रिका, वीजबिल यांवरून पत्ता काढणे वसुली करणाऱ्याला जमते. जप्तीच्या वेळी तो काढतोच.

राहिला वकिलाचा प्रश्न. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण अधिनियमाच्या कलम १२ नुसार स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातींतील व्यक्ती आणि औद्योगिक कामगार यांना मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे. विडी वळणारी बाई या व्याख्येत निर्विवाद बसते. तो हक्क तिला सांगितला जातो तो शिबिरांत आणि फलकांवर. त्याऐवजी समन्सच्या आणि जप्तीच्या वॉरंटच्या कागदावरच, मराठीत आणि पूर्व भागात तेलुगूतही, तीन ओळी छापाव्यात : हुकूमनामा तुमच्या गैरहजेरीत झाला असल्यास तीस दिवसांच्या आत अर्ज करता येतो, जप्ती थांबवण्याचा अर्ज वेगळा करावा लागतो, आणि मोफत वकिलासाठी जिल्हा न्यायालयाच्या आवारातील विधी सेवा प्राधिकरणात जावे. याला विधिमंडळाची संमती लागत नाही, अंदाजपत्रकात तरतूदही लागत नाही. उच्च न्यायालयाच्या प्रशासनाच्या एका परिपत्रकाने ते होण्यासारखे आहे.